ओल

कंपालाच्या व्यापारी न्यायालयात पंखा
एकाच बाजूला वळतो, वकिलांच्या.
मला वारा लागत नाही. तक्रार नाही.

ब्यारुगाबांचा वकील म्हणतो, दावा साधा आहे.
मसाकाहून आलेली एकशे चाळीस पोती कॉफी,
तीन चेक, तिन्ही परत;
बँकेचा शिक्का इतका ठसठशीत
की कागदाच्या पाठीवरूनही वाचता यावा.
"यात ऐकण्यासारखं काय आहे, माय लेडी?"

खरं तर फार काही नाही.
असल्या दाव्यांना कायद्यानं जवळची वाट काढून दिलीय.
चेक दिला म्हणजे शब्द दिला,
आणि शब्द मोडला असेल
तर कैफियत मांडायलासुद्धा आधी परवानगी लागते.
तीही दहा दिवसांत.

नाकिट्टो सोफिया नवव्या दिवशी आली होती.
शपथपत्र वकिलानं लिहिलेलं, नेहमीच्या साच्यातलं,
फक्त एका वाक्यात तिचा आवाज राहून गेलाय:
"पोती हाताला गार लागत होती."

आणि ही चिठ्ठी.
बुगोलोबीच्या गोदामात ओल मोजतात त्या यंत्राची,
बिस्किटांच्या डब्यात जपलेली.
डबा चुलीवरच्या फळीवर.
या कागदाला ऊब सोसत नाही, हे तिला कोण सांगणार होतं?

"कोरा कागद," ब्यारुगाबांचा वकील म्हणतो,
हसतही नाही, एवढी त्याला खात्री आहे.
"कोरा कागद हा बचाव नव्हे, बनाव आहे."
मी चिठ्ठी खिडकीकडे धरते.
तिरपी. अजून थोडी तिरपी.
पहिला आकडा एक.
दुसरा एक आहे की सात?
अकरा असेल तर माल चोख आणि ही बाई खोटी.
सतरा असेल तर निर्यातदारानं साठ पोती
फाटकातूनच परत पाठवली, ते बरोबर केलं.

माझी आई दाणा दाढेखाली धरायची.
कट्ट वाजला तर वाळला,
नाहीतर पुन्हा ताडपत्रीवर, पुन्हा दोन दिवस ऊन.
तो आवाज मला अजून ओळखता येईल.
पण माझी दाढ या खटल्यात साक्षीदार नाही,
आणि खरं कोण, हे आज मला कुणी विचारलेलंही नाही.
विचारलंय एवढंच:
विचारण्याजोगं काही उरलंय का?

"आणि बाकीची ऐंशी पोती?" मी विचारते.
तिचा वकील उठायच्या आत ती उठते.
"ती विकली, माय लेडी. चांगल्या भावानं."
वकील डोळे मिटून घेतो.
मला ती त्या क्षणी आवडते, आणि त्याचा तिला काहीच उपयोग नाही.

आदेश मी हातानं लिहिते, टंकलेखनिका नंतर नीट करेल.
ऐंशी पोत्यांची रक्कम तीस दिवसांत चुकती करावी.
साठ पोत्यांपुरती बचावाला परवानगी.
अनामत नको.
तिथे पेन जरा थांबतं. मागितली असती तरी चाललं असतं,
पुष्कळ जण मागतात.
पैसे भर, मग तोंड उघड, असं मला लिहवलं नाही.

दाराशी ती कारकुनाला विचारते,
"म्हणजे मी जिंकले?"
ओकेल्लोची नोकरी सव्वीस वर्षांची. तो फाइल बांधत सांगतो,
"नाही हो. आता तुमचं ऐकून घेतील, इतकंच."
ती मान हलवते. ऐंशी पोत्यांचा आकडा
बोटांच्या पेरांवर मोजत जिना उतरते.

चिठ्ठी मी जाड पाकिटात घातली,
वर लिहिलं: उन्हापासून दूर ठेवणे.
तरी ती पुसट होतच राहणार,
माझ्या कपाटातसुद्धा, रोज थोडी थोडी.
ओकेल्लो म्हणाला, पुढची मोकळी तारीख नोव्हेंबरात आहे.
मी मंगळवार दिला.